खासगी नोकरीत प्रसूती रजा: पहिल्या अर्जापासून परत रुजू होईपर्यंत

खासगी कंपनीत गरोदरपणाची बातमी दिली की पहिल्यांदा पेढे मागतात आणि पेढा तोंडात असतानाच पुढचा प्रश्न येतो, ‘मग आता काय ठरवलंय?’ विचारणारे बहुतेक वेळा भलेच असतात. आमच्या एचआरच्या सरांनी तर मला स्वतः उठून खुर्ची दिली होती. ‘मॅडम, आता दगदग नको. हवं तर राजीनामा देऊन टाका, वर्षभराने आपलीच कंपनी आहे, परत या.’

बाईच्या नोकरीला आमच्याकडे धक्का बसतो तो असा, मायेने. कुणी ओरडत नाही, कुणी हाकलत नाही. म्हणून हा लेख. मी चाकण भागात गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या एका कंपनीत खरेदी विभागात काम करते. माझी रजा झाल्यापासून ‘ताई, जरा विचारायचं होतं’ म्हणत शॉप फ्लोअरवरच्या मुली येतात. त्यांना जे सांगते ते इथे क्रमाने लिहिलं आहे. सरकारी नोकरीचे नियम वेगळे असतात, ते यात नाहीत.

कायद्याबद्दल थोडं. १९६१ चा प्रसूती लाभ कायदा २०१७ साली सुधारला आणि रजा १२ आठवड्यांवरून २६ आठवडे झाली. २१ नोव्हेंबर २०२५ पासून या तरतुदी सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० मध्ये गेल्या. आठवडे, दिवस, अटी जवळपास त्याच आहेत. त्यामुळे ‘तो कायदा आता राहिला नाही’ असं कुणी म्हणालं तर घाबरू नका, नवीन संहितेचं नाव सांगा. हे आपल्याकडे काही काल-परवा आलेलं खूळही नाही. मुंबई प्रांतात १९२९ सालीच गिरणी कामगार बायांसाठी असा कायदा झाला, आणि १९२८ मध्ये मुंबई विधिमंडळात त्या विधेयकाच्या बाजूने डॉ. बाबासाहेब आंबेडकर बोलले होते.

१. पैसे कोण देणार ते आधी बघा

पगाराची स्लिप काढा. त्यात ‘ईएसआय’ (कर्मचारी राज्य विमा) नावाची कपात दिसते का? पगार महिना २१,००० रुपयांपर्यंत असेल आणि कंपनी ईएसआयखाली येत असेल तर ०.७५ टक्के कापले जातात. अशा वेळी रजेचे पैसे कंपनी देत नाही, कर्मचारी राज्य विमा महामंडळ देतं. कपात नसेल, तर रजेचा पगार द्यायची जबाबदारी कंपनीची.

हे आधीच ठरवायचं कारण असं की दोन्हीकडची पात्रता वेगळी आहे.

कंपनी देणार असेल तर अपेक्षित प्रसूतीच्या आधीच्या १२ महिन्यांत तुम्ही त्या कंपनीत किमान ८० दिवस काम केलेलं असावं. यात पगारी सुट्ट्या धरल्या जातात. ‘प्रोबेशनवर आहात, तुम्हाला लागू नाही’ हे वाक्य तुम्ही नक्की ऐकाल. कायद्यात प्रोबेशन हा शब्दच नाही. ८० दिवस भरले की झालं.

ईएसआय असेल तर लगतच्या दोन अंशदान कालावधींत मिळून किमान ७० दिवसांचं अंशदान भरलेलं लागतं. हे कालावधी एप्रिल ते सप्टेंबर आणि ऑक्टोबर ते मार्च असे असतात. ईएसआयच्या पोर्टलवर आपला विमा क्रमांक टाकून भरणा दिसतो. तो आजच बघा, कारण कापलेले पैसे पुढे भरलेलेच नाहीत असंही घडतं. पगारवाढ होऊन तुम्ही मधेच २१,००० च्या वर गेलात तरी तो सहामाही कालावधी संपेपर्यंत तुम्ही ईएसआयमध्येच राहता.

ठेकेदारामार्फत काम करणाऱ्यांची कुचंबणा सगळ्यात जास्त. कँटीनमधल्या एका मुलीला कंपनी म्हणे ठेकेदाराला विचार, ठेकेदार म्हणे कंपनीला विचार. ईएसआयचं अंशदान भरण्याची पहिली जबाबदारी मूळ मालकाची, म्हणजे ज्या कंपनीच्या आवारात काम चालतं तिची असते, हे वाक्य तिथे उपयोगी पडतं. रोजंदारीवरच्या बायांनाही प्रसूती लाभ मिळतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २००० साली दिल्ली महापालिकेच्या हजेरीपटावरच्या कामगार बायांच्या खटल्यात सांगून टाकलं आहे. आणि करार रजेच्या मधेच संपत असेल, तर पात्र झालेला लाभ कराराच्या मुदतीपाशी थांबत नाही, असा निकाल त्याच न्यायालयाने ऑगस्ट २०२३ मध्ये दिला.

२. किती रजा, कधीपासून

पहिल्या दोन मुलांसाठी २६ आठवडे. त्यातले जास्तीत जास्त ८ आठवडे प्रसूतीच्या आधी घेता येतात. दोन मुलं हयात असताना तिसऱ्या वेळी १२ आठवडे, त्यातले आधीचे जास्तीत जास्त ६.

आधीचे आठ आठवडे घेतलेच पाहिजेत असं नाही. प्रकृती ठीक असेल तर बहुतेक जणी तारखेच्या जवळ जाऊन रजा टाकतात, म्हणजे बाळासोबत जास्त दिवस मिळतात. मात्र प्रसूतीनंतर सहा आठवडे तुम्हाला कामावर ठेवायला कायद्याने बंदी आहे. ‘घरून दोन-चार एक्सेल बघशील का’ यालाही ते लागू पडतं, हे आमच्या साहेबांना जरा उशिराच कळलं.

उभ्याचं काम असेल, वजन उचलायचं असेल, तर तारखेच्या आधीच्या दहाव्या ते सहाव्या आठवड्यादरम्यान जड काम नको असं तुम्ही मागू शकता. डॉक्टरांची चिठ्ठी असेल तर त्याच्या आधीही मागा. इथे एक खोच आहे. हलकं काम तुम्ही मागितलं तर तो तुमचा हक्क. तुम्ही न मागता काम काढून घेतलं, तर त्याला वेगळं नाव आहे. लाईनवरच्या एका मुलीला तिसऱ्याच महिन्यात ‘काळजी म्हणून’ पॅकिंगला बसवलं आणि लाईनचा भत्ता बंद केला. तिने तोंडी तक्रार केली तर सुपरवायझर म्हणाला, ‘अगं, तुझ्यासाठीच केलं.’ तिच्याकडून दोन ओळींचा ईमेल पाठवून घेतला: ‘मी काम बदलून मागितलेले नाही. बदल केल्यास माझे वेतन व भत्ते कायम ठेवावेत.’ पुढच्या पगारात भत्ता परत आला.

आता जे कुणी बोलत नाही ते. गर्भपात झाला तर त्या दिवसापासून ६ आठवड्यांची पगारी रजा आहे. डॉक्टरांचा दाखला द्यावा लागतो. कायद्याच्या भाषेत २६ व्या आठवड्यापर्यंत गर्भ गेला तर गर्भपात, त्यानंतर बाळ मृत जन्मलं तरी ती प्रसूतीच धरली जाते. अशा वेळी बाई चार दिवसांत कामावर येते आणि किरकोळ रजा भरते, कारण कुणाला सांगायचं नसतं. सांगू नका हवं तर. दाखला एचआरला बंद पाकिटात द्या, पण रजा घ्या. गरोदरपणातून किंवा प्रसूतीतून आजारपण उद्भवलं तर आणखी एक महिना वेगळा मिळतो.

३. ऑफिसात कधी आणि कसं सांगायचं

किती आधी सांगायचं याचं बंधन नाही. मी स्वतः वार्षिक मूल्यांकनाच्या आधी सांगायच्या बाजूची नाही. हे चलाखीचं वाटेल, पण गेल्या वर्षीच्या कामाचे गुण यंदाच्या पोटाकडे बघून ठरू नयेत एवढीच इच्छा आहे. तुमचं काम रसायनांचं, उन्हाचं किंवा रात्रपाळीचं असेल तर मात्र मूल्यांकन गेलं खड्ड्यात, लगेच सांगा.

सांगताना आधी थेट साहेबांना, मग त्याच दिवशी एचआरला. चहाच्या टपरीवरून साहेबांना कळलं की ते दुखावतात आणि मग पुढचं सगळं जड जातं. बोलणं झालं की संध्याकाळी एक साधा ईमेल टाका: ‘आज आपल्याशी बोलल्याप्रमाणे...’ एवढ्यानेच सुरुवात करायची. व्हॉट्सअॅपवरचं अभिनंदन हा पुरावा म्हणून फार कामाचा नाही, पण पुसूही नका.

राजीनाम्याचा सल्ला आला तर वाद घालू नका. ‘घरी विचारून सांगते’ हेही म्हणू नका, कारण मग तुमचा निर्णय घरचे घेतात असं गृहीत धरून पुढच्या वेळी ‘मिस्टरांना घेऊन या’ म्हणतील. एवढंच म्हणा, ‘मी रजेचा अर्ज देते आहे.’ राजीनामा देऊन वर्षाने परत आलं तर जुनी सेवा तुटते. रजेवर राहिलं तर २६ आठवड्यांपर्यंतची प्रसूती रजा ग्रॅच्युइटीसाठी सलग सेवेतच मोजली जाते.

४. अर्ज

कायद्यात याला सूचना म्हणतात. आधी द्यायची राहून गेली तरी प्रसूतीनंतर शक्य तितक्या लवकर देता येते, आणि ती दिली नाही एवढ्यावरून लाभ बुडत नाही. तरी आधी द्या. मजकूर असा चालतो:

‘मा. व्यवस्थापक, मनुष्यबळ विभाग, यांस,
मी ............, कर्मचारी क्र. ......, ............ विभागात दि. ...... पासून कार्यरत आहे. माझ्या प्रसूतीची अपेक्षित तारीख ...... आहे. मी दि. ...... पासून २६ आठवड्यांची प्रसूती रजा घेत आहे. या काळात मी अन्य कोणत्याही आस्थापनेत काम करणार नाही. प्रसूती लाभाची रक्कम माझ्या बँक खात्यात जमा करावी. माझ्या अनुपस्थितीत ती............ यांस द्यावी. वैद्यकीय दाखला सोबत जोडला आहे. कृपया पोच द्यावी.’

‘घेत आहे’ असंच लिहा. ‘मंजूर करावी ही नम्र विनंती’ लिहायची आपली सवय जात नाही, शाळेपासूनची आहे. पण विनंती नाकारता येते.

दोन प्रती काढा, एकीवर आवक शिक्का आणि तारीख घ्या. शिक्का द्यायला टाळाटाळ झाली तर अर्जाचा फोटो जोडून ईमेल करा. स्वतःच्या खासगी ईमेलला प्रत ठेवायला विसरू नका, कारण रजेवर गेल्यावर कंपनीचा ईमेल कधी कधी बंद करतात.

सोबत लागतं ते एवढंच:

- डॉक्टरांचा गरोदरपणाचा दाखला, त्यावर अपेक्षित तारीख, सही-शिक्का आणि नोंदणी क्रमांक
- नेमणूक पत्र आणि मागच्या तीन महिन्यांच्या पगार स्लिपा
- प्रसूतीनंतर: दवाखान्याचं डिस्चार्ज कार्ड किंवा बाळाचा जन्म दाखला
- ईएसआय असेल तर विमा क्रमांक, आधार, बँक पासबुक आणि ईएसआयच्या दवाखान्यातला दाखला

लग्नाचा दाखला मागतात. तो कायद्यात नाही. आधार कार्डावर माहेरचं नाव असेल आणि बँकेत सासरचं, तर मात्र पैसे अडकतात, ते आधी एकसारखं करून घ्या. यात माझ्या ओळखीतल्या कितीतरी जणींचे महिने गेलेत.

ईएसआयवाल्यांनी दावा पोर्टलवर भरायचा किंवा जवळच्या शाखा कार्यालयात द्यायचा. सोमवारी जाऊ नका, रांग दारापर्यंत असते.

५. हिशेब

रजेच्या आधीच्या तीन महिन्यांत ज्या दिवशी काम केलं त्या दिवसांची सरासरी रोजची कमाई काढतात आणि त्या दराने पैसे मिळतात. त्या तीन महिन्यांत उलट्यांमुळे बिनपगारी रजा पडली असेल, तर तेवढ्यावरून दर खाली येऊ नये, कारण भागाकार काम केलेल्या दिवसांनीच करायचा असतो. मासिक पगारदारांना बहुतेक कंपन्या नेहमीचा पगारच देत राहतात, ते सोपं पडतं. रोजंदारीवर असाल तर रविवार वगळून हिशेब करतात का ते बघा. १९७७ च्या बी. शाह खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की आठवडा म्हणजे पुरे सात दिवस, रविवार धरून. तो खटला मळ्यात राबणाऱ्या एका मजूर बाईचा होता.

वेतनात काय धरायचं यावर मात्र घासाघीस होते. जुन्या कायद्यात घरभाडे भत्ता वेतनात येत असे. नव्या संहितेच्या व्याख्येत मूळ वेतन आणि महागाई भत्ता मुख्य आहेत. घरभाड्यासारखे भत्ते वगळले आहेत, पण हे वगळलेले भत्ते एकूण मोबदल्याच्या निम्म्यापेक्षा जास्त झाले तर वरची रक्कम वेतनात मिळवायची असते. म्हणजे स्लिपवर मूळ पगार १२,००० आणि भत्तेच १८,००० दाखवणाऱ्या कंपनीला १२,००० वर हिशेब करता येत नाही, किमान १५,००० धरावे लागतात. एचआरकडून हिशेबाचा कागद लेखी मागा.

प्रसूतीच्या आधीच्या काळाचे पैसे दाखला दिल्यावर आगाऊ द्यायचे असतात आणि उरलेले बाळंतपणाचा पुरावा दिल्यापासून ४८ तासांत. ४८ तासांत पैसे आलेले मी तरी पाहिले नाहीत. पण पत्रात तो आकडा लिहिला की महिन्याचं काम आठवड्यात होतं. कंपनीने मोफत वैद्यकीय सोय दिली नसेल तर ३,५०० रुपयांचा वैद्यकीय बोनस वेगळा, तो न मागता क्वचितच मिळतो.

६. रजेवर जाण्याआधीचा आठवडा

कामाचा ताबा देताना एक कागद करा: कोणती कामं तुमच्याकडे आहेत, कुणाला तात्पुरती दिली आणि कोणत्या तारखेपर्यंत. ‘तात्पुरती’ हा शब्द आणि परत रुजू होण्याची तारीख त्यात असू द्या. साहेबांना ईमेल करा. सहा महिन्यांनी हाच कागद तुमच्या बाजूने बोलतो.

७. परत आल्यावर

रजा मिळवणं त्या मानाने सोपं. मी परत गेले तेव्हा माझ्या टेबलावर दुसऱ्याची पाण्याची बाटली होती, पुरवठादारांचे फोन दुसऱ्याच्या नंबरवर वळवलेले होते आणि दर ठरवायच्या बैठकांच्या ईमेलमधून माझं नाव गेलेलं होतं. पगार तोच, पदही तेच. माझ्याकडे आलं फायलिंग, आणि महिला दिनाचा केक आणायची जबाबदारी. साहेब म्हणाले, ‘बाळ लहान आहे, पुरवठादारांकडे कुठे फिरणार?’ ज्याच्याकडे काम गेलं त्याचंही बाळ माझ्या बाळाएवढंच होतं. त्याला कुणी विचारलं नाही की रात्री झोप होते का.

क्लॉडिया गोल्डिन यांना २०२३ चं अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं ते याच गोष्टीच्या अभ्यासासाठी. श्रीमंत देशांत स्त्री-पुरुषांच्या कमाईतला उरलेला फरक बराचसा पहिल्या बाळानंतर पडतो असं त्यांनी दाखवलं. आमच्या खरेदी विभागात तो पडताना मी बसल्या जागेवरून पाहिला आहे.

रजेच्या काळात किंवा रजेमुळे कामावरून काढणं, नोकरीच्या अटी बाईच्या तोट्याच्या होतील अशा बदलणं, दोन्हीला कायद्यात मनाई आहे. पण ‘तोटा’ दाखवून द्यायचा असतो. म्हणून पहिल्या आठवड्यात ताब्याचा तो जुना कागद जोडून लिहा की या जबाबदाऱ्या कोणत्या तारखेपासून माझ्याकडे परत येत आहेत. रुसवा-फुगवा नको, नुसती यादी. माझ्या बाबतीत काही कामं परत आली, दोन मोठे पुरवठादार आले नाहीत.

मूल्यांकनाच्या वेळी सहा महिन्यांचं काम दिसत नाही म्हणून ‘सरासरी’ शेरा मारतात. जितके महिने काम केलं तितक्यांचंच मोजमाप करा असं आधीच लेखी सांगा.

आता रोजच्या गोष्टी. बाळ १५ महिन्यांचं होईपर्यंत नेहमीच्या सुट्टीखेरीज दिवसातून दोनदा स्तनपानासाठी वेळ मिळतो. ५० किंवा जास्त कर्मचारी असतील तर पाळणाघराची सोय कंपनीने करायची आणि दिवसातून चार वेळा तिथे जाऊ द्यायचं. पाळणाघर ‘आहे’ असं कागदावर असतं, प्रत्यक्षात कुठे ते विचारा. बाळ घरी असेल तर दूध काढायला जागा लागते. आमच्याकडे ती ‘सिक रूम’ होती: स्ट्रेचरवर प्रिंटरचे खोके, खिडकीला काच आणि दाराला कडी नाही. मी खिडकीला वर्तमानपत्र चिकटवलं आणि कडीसाठी देखभाल विभागाला रीतसर तक्रार क्रमांक घेऊन नोंद केली. एचआरला केलेल्या तीन आर्जवांनी जे झालं नाही ते त्या क्रमांकाने दोन दिवसांत झालं. फॅक्टरीत ‘मशीन बंद आहे’ ही भाषा सगळ्यांना कळते.

घरून काम करायची तरतूद आहे, पण कामाचं स्वरूप तसं असेल आणि दोघांचं जमत असेल तरच. ती घेतलीत तर किती महिने आणि कोणत्या बैठकांना हजर राहायचं हे ठरवून घ्या, नाहीतर बैठका तुमच्याशिवाय उरकायची सवय लागते.

नवऱ्याच्या रजेचं म्हणाल तर खासगी नोकरीत त्याला कायदा नाही. केंद्र सरकारच्या पुरुष कर्मचाऱ्यांना १५ दिवस मिळतात. बाकीच्यांनी आपल्या कंपनीचं धोरण वाचावं आणि असेल तर ते दिवस घ्यावेत. ‘बायकोची आई आलीय ना’ म्हणून न घेणारे मी भरपूर पाहिलेत.

८. नाकारलं, काढलं किंवा पैसे अडवले तर

आधी कंपनीला एक शेवटचं पत्र, पंधरा दिवसांची मुदत देऊन. नंतर कारखाना असेल तर औद्योगिक सुरक्षा व आरोग्य संचालनालयाच्या जिल्ह्यातल्या कार्यालयात, दुकान, कार्यालय किंवा आयटी कंपनी असेल तर सहायक कामगार आयुक्तांच्या कार्यालयात तक्रार द्या. ईएसआयचा दावा अडला असेल तर महामंडळाच्या शाखा व्यवस्थापकाकडे. तक्रारीला वकील लागत नाही. एका पानावर तारखावार घडलेलं लिहा आणि मागे कागद लावा: नेमणूक पत्र, अर्जाची पोच, दाखले, ईमेल, बँकेचा उतारा.

मुदत लक्षात ठेवा. रजेच्या काळात कामावरून काढलं किंवा लाभ नाकारला तर तसा आदेश कळल्यापासून ६० दिवसांत दाद मागायची असते. ओली बाळंतीण असताना ६० दिवस कसे जातात ते कळत नाही, म्हणून हे काम नवऱ्यावर किंवा भावावर सोपवा, सही तेवढी तुमची. तोंडी काढलं असेल तर ‘मला कामावर येऊ दिलं जात नाही’ असा ईमेल त्याच दिवशी करा, म्हणजे तारीख ठरते.

वकील हवाच झाला तर जिल्हा न्यायालयाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं. बाईला तिथे वकील मोफत मिळतो आणि उत्पन्नाची अट नाही. ओळखपत्र आणि वरचं एक पान घेऊन सकाळी अकराच्या सुमारास जा.